मुक्या डब्यातून

मधल्या सुट्टीत ती कॉम्प्युटर लॅबमध्ये एवढ्या जोरात ओरडली, की दाराशी चहा पीत बसलेल्या लॅबच्या सरांनी आधी दोन्ही पाय उचलून खुर्चीवर घेतले आणि मग विचारलं, "काय गं, उंदीर?"

"नाही सर, मी! मी दिसले!"

"ते तर आरशातही रोज दिसतेस. एवढं किंचाळायला काय झालं?" सरांनी पाय खाली सोडले, पण जपून, एकेक करून. ती मात्र स्क्रीनला नाक लावून बसली होती. स्क्रीनवर एक चित्र होतं, पण त्याला चित्र म्हणायला कुणी धजलं नसतं. बरेच दिवस न पुसलेल्या निळसर काचेवर वाळू उडावी तसं नुसतं ठिपक्याठिपक्यांचं काहीतरी, आणि त्या वाळूत मध्येच नखाने ओरखडल्यासारख्या फिकट आडव्या रेघा. त्यांतली एक रेघ नीट पाहिलं तर सरळ नव्हती. ती थोडी चालायची, टुणकन एक पायरी वर चढायची, थोडा वेळ वरूनच चालायची आणि पुन्हा खाली उतरायची. किल्ल्याच्या तटाला असतात तसे दात. आखूड दात, लांब दात, आखूड, आखूड, लांब. तिने त्यांच्यावरून बोट फिरवलं आणि ते वाचले, कारण ते दात म्हणजे मोर्सची अक्षरं होती, आणि ती अक्षरं या क्रमाने जगात एकाच माणसाची होती. अलीकडेच, परीक्षा देऊन, हौशी रेडिओच्या लायसन्सवर छापून मिळालेली. तिची. तिने पुन्हा पहिल्या दातापासून बोट फिरवलं. कारण ही गोष्ट शक्यच नव्हती.

"पण मी तर डब्यात आहे," ती पुटपुटली.

"आत्ता आरशात होतीस," सर म्हणाले आणि बशीत सांडलेला चहा परत कपात ओतू लागले.

घंटा झाली. भूगोलाच्या तासाला ती बसली, म्हणजे शरीर बसलं. फळ्यावर नद्या वाहत होत्या आणि ती त्या डब्याचा विचार करत होती. डबा म्हणजे अगदी खरोखरचा डबा, ऑइलपेंटचा, रिकामा, बाहेरून पांढरे ओघळ सुकलेले, आणि आत एक जाडजूड रेझिस्टर. मामा त्याला मुका डबा म्हणायचा. नवा ट्रान्समीटर बनवला की त्याला एकदम गच्चीवरच्या तारेला जोडायचं नसतं. आधी या डब्याला जोडायचं. ट्रान्समीटरला वाटतं आपण जगाशी गप्पा मारतोय, आणि डबा त्याचं सगळं बोलणं गिळून टाकतो, त्याची नुसती ऊब करतो. "ह्याच्यात हवं तेवढं कोकल," मामाने सांगितलं होतं, "शेजारच्या खोलीतसुद्धा जाणार नाही." सकाळी शाळेत निघताना तिने आपला साबणाच्या डबीएवढा ट्रान्समीटर त्या मुक्या डब्याला जोडून चालू ठेवला होता. का, तर दिवसभराच्या उकाड्याने त्याचा सूर सरकतो का, ते संध्याकाळी पाहायचं होतं. त्याची ताकद ती केवढी! टॉर्चच्या बल्बला लावली असती तर बल्बला कळलंही नसतं. आणि ती रेघ उमटली होती समुद्रापलीकडल्या एका बेटावर, एका बेकरीवाल्याच्या घरी. या बेकरीवाल्याला तिने कधी पाहिलं नव्हतं. पहाटे पाव भाजून तो दिवसा झोपतो आणि त्याचा रिसीव्हर मात्र जागा राहून दर थोड्या वेळाने ऐकलेल्या सगळ्याचं एक चित्र इंटरनेटवर टाकत बसतो, एवढीच तिची त्याच्याशी ओळख. त्याच्या पानावर वरच्या कोपऱ्यात एका पावाचा फोटो होता. रोज मधल्या सुट्टीत ती ते पान उघडायची, दुसऱ्यांच्या रेघा बघायला. लोकांच्या गॅलरीत वाळत घातलेले कपडे बघत जावं, तसं.

या प्रकाराची गंमत तिला कुणाला समजावून सांगता यायची नाही, आणि सांगितल्याशिवाय राहवायचंही नाही. आईला तिने एकदा सांगितलं होतं. आई औषधांच्या दुकानात उभी राहून दिवसभर डॉक्टरांची अक्षरं लावते, तेव्हा तिला तरी कळेल असं वाटलं होतं. "असं बघ," ती म्हणाली होती, "समज मोठा बाजार आहे, सगळे कोकलतायत, आणि तुला पलीकडच्या टोकाला काहीतरी सांगायचंय. तू काय करशील?" "फोन करीन," आई म्हणाली. "फोन नाहीये!" "मग ओरडीन." "नाही ना! तिथेच चुकतं सगळ्यांचं. ओरडायचं नाही. एकच सूर धरायचा, बारीक, आणि हळू बोलायचं. इतकं हळू की एकेका टिंबाला चांगला दम खाऊन घ्यायचा. कानाला ते ऐकू येत नाही. पण मशीन त्या एकाच सुराकडे टक लावून बसलेलं असतं. गोंगाट सारखा बदलत राहतो, सूर तसाच राहतो, त्यामुळे हळूहळू गोंगाटातनं रेघ वर येते. जितकं हळू, तितकं लांब!" आईने तिच्याकडे पाहिलं. "हे तू एका दमात सांगितलंस," ती म्हणाली, "म्हणजे ते शेजारच्या इमारतीपर्यंतच गेलं असणार."

ही आठवण येऊन ती भूगोलाच्या तासाला खुदकन हसली आणि बाईंनी तिला उभं केलं. नदी गाळ का टाकते? तिने खणखणीत आवाजात सांगितलं की वेग कमी झाला की टाकते. बरोबर होतं. ती बसली आणि नेहमीसारखंच तिला त्या खणखणीत आवाजाचं आधी कौतुक वाटलं आणि मग, त्याच्या मागोमाग, ते दुसरं काहीतरी. कारण हा आवाज तिचा नव्हता. म्हणजे तिचाच, पण तो आला कुठून हे फक्त तिला ठाऊक होतं. पाचवी-सहावीपर्यंत ती अशी होती की हजेरीला तिचं 'हजर' बाईंपर्यंत पोचायचंच नाही आणि ती बसल्या जागी गैरहजर व्हायची. घरातही तोंडातल्या तोंडात. आई म्हणायची, या मुलीचे शब्द ओठांवर येऊन परत फिरतात. तेव्हा घरात एकच माणूस असा होता ज्याला तिचं पुटपुटणंसुद्धा स्वच्छ ऐकू यायचं, आणि तो मामा. आईचा भाऊ, लिफ्ट दुरुस्त करणारा, बाल्कनीलगतच्या खोलीत राहणारा. काय ते कान! एखाद्या इमारतीत आधी मामाचे कान शिरायचे आणि मग मामा. खाली उभा राहून सांगायचा, वरचं बेअरिंग कण्हतंय, दोरखंडाची एक लड सुटत आलीय. आणि वर जाऊन पाहावं तर तसंच असायचं. आणि संध्याकाळी हेच कान तो रेडिओला लावायचा. डोळे मिटून, पितळी चावीवर दोन बोटं, जगातल्या कुठल्याकुठल्या माणसांशी डिट-डा, डिट-डा. टिंब म्हणजे डिट, रेघ म्हणजे डा. ती त्याच्या खुर्चीशेजारी जमिनीवर बसून ऐकायची. मोर्स तिला कुणी शिकवलं नाही; घरातली बोली जशी कानात शिरते तसं ते शिरलं. पुढे तीही चावीवर वाजवू लागली आणि मामा चुका काढू लागला.

मग एक दिवस गॅसवर किटली शिट्टी मारत राहिली आणि मामा किटलीच्याच शेजारी उभा राहून खिडकीतून बाहेर बघत राहिला. बस, एवढंच. पाणी उकळून उकळून संपलं, किटलीचं बूड काळं पडलं. मामा वळला, त्याने किटली पाहिली, मग दारात उभ्या असलेल्या तिच्याकडे पाहिलं. आणि तिने नजर खाली वळवली, जणू किटली तिनेच जाळली होती. उंच सूर आधी जातात म्हणे. शिट्टी गेली, मग दाराची बेल, मग तिचं पुटपुटणं. "काय?" मामा विचारायचा. ती पुन्हा सांगायची. "काय?" ती आणखी जोरात. एकेक काय-गणिक तिचा आवाज एकेक पायरी चढत गेला. आणि एक दिवस वर्गात बाईंनी प्रश्न विचारला, तेव्हा ती मामाशी बोलते त्या आवाजात उत्तर देऊन बसली. अख्खा वर्ग वळला. मागच्या बाकावरचा एक जण दचकून जागा झाला. आणि उत्तर बरोबर होतं! त्या दिवसापासून सगळं सुसाट सुटलं. वक्तृत्व काय, नाटक काय. संमेलनात माइक बंद पडला तर 'तिला बोलवा' असं म्हणू लागले. मामानेच तिचं नाव भोंगा ठेवलं. ते नाव तिला मेडलसारखं मिरवावंसं वाटायचं. पण झोपण्याआधी कधी कधी वाटायचं, दोन टाक्या खालून नळीने जोडलेल्या असाव्यात, आणि एकीतलं पाणी उतरल्याशिवाय दुसरीतलं चढूच नये, तसं तर नाही ना हे? मामाच्या टाकीतलं तर मी घेतलं नाही? कुणी हसलं असतं. म्हणून तिने ते कुणाला सांगितलं नव्हतं.

कंपनीने मामाला ऑफिसात बसवलं, सुटे भाग देण्या-घेण्याच्या खिडकीवर. त्याचं त्याला फारसं काही वाटलं नाही, किंवा त्याने तसं दाखवलं नाही. पण रेडिओवर कापड टाकलं. श्रवणयंत्र आणलं होतं, ते ड्रॉवरमध्ये. "त्याच्यात सगळंच ऐकू येतं," तो म्हणायचा, "हवं ते सोडून." ती कामाला लागली. परीक्षा दिली, लायसन्स काढलं, ट्रान्समीटर जोडला, सगळं त्याच्या डोळ्यांसमोर, मुद्दाम त्याचीच हत्यारं वापरून. त्याला दाखवलं, की मामा, हे बघ, यात ऐकावंच लागत नाही, रेघ दिसते. त्याने चष्म्यावरून पाहिलं. "चित्रंच बघायची तर कॅलेंडर काय वाईट?" तो म्हणाला. "अगं, कानाने ऐकलं नाही ते ऐकलंच नाही. समोरचा माणूस हातावरून कळतो. कुणी घाईत, कुणी ऐटीत, एक जण होता तो प्रत्येक अक्षराआधी अडखळायचा. कित्येक वर्षांनी भेटला, दोन अक्षरांत ओळखला मी त्याला. तुझ्या त्या रेघेला हात आहे का?" तिच्याजवळ उत्तर नव्हतं. म्हणजे होतं, पण तेव्हा सुचलं नाही.

आणि आता गच्चीला डांबराचा नवा थर द्यायचा होता, उद्यापासून. इमारतीच्या चेअरमननी विचारलं होतं, तुमची ती तार आणि तो खांब? काम झाल्यावर परत लावणार असाल तर खांबाची जागा सोडून थर देऊ, नाहीतर खांब उपटून भोकं बुजवून टाकू. मामा म्हणाला होता, बुजवा. एवढंच, चहात साखर किती, याचं उत्तर द्यावं तसं.  आणि भोंगा असूनही तिच्या तोंडून शब्द फुटला नव्हता. तिला तार हवी होतीच, पण तारेचं एवढं काय, बाल्कनीतूनही एखादा तुकडा सोडता आला असता. खांब गेला की मामा जाणार होता. त्या खोलीतच राहून, त्याच खुर्चीत बसून, गेलेला. हे तिला फळ्यावरच्या नदीइतकं स्पष्ट दिसत होतं.

शाळा सुटली. ती पळाली नाही, तिला पळावंसंच वाटत होतं; पण छातीत जे काही भरलं होतं ते पळताना हिंदकळून सांडेल असं वाटलं, म्हणून ती झपझप, हात अंगालगत धरून, काठोकाठ भरलेली बादली न्यावी तशी चालली. रस्ता नेहमीचाच होता. चपला दुरुस्त करणारा, झेरॉक्सचं दुकान, ट्रॅव्हल एजंटच्या काचेवर निळ्या समुद्राचं पोस्टर. त्या समुद्राकडे पाहून तिने हात हलवला. कोपऱ्यावरच्या बेकरीत भट्टीचा वास सुटला होता, आणि तिला एकदम त्या बेटावरचा माणूस दिसला, पीठ लागलेल्या हातांनी उशी डोक्याखाली ओढून झोपणारा. त्याला माहीतसुद्धा नाही. तो घोरतोय, आणि त्याच्या उशाशी मी चालतेय, टुणकन वर, टुणकन खाली! डब्याचं मात्र डोक्यातून जाईना. मुका डबा बोलला कसा? की बोललाच नाही, आणि दुसऱ्याच कुणाची रेघ आपण हौसेने आपली म्हणून वाचली? माणूस हौसेने काय वाटेल ते वाचतो. आई सांगते, गिऱ्हाईक डॉक्टरच्या चिठ्ठीत स्वतःला हवं ते औषध वाचतं. तिने शाळेतून छापून आणलेला कागद जिन्यात पुन्हा उघडला. नाही. तीच होती ती. वाळूत, फिकट, पण अंगाने तीच.

खोलीत मामा नव्हता. हत्यारांची पिशवीही नव्हती. तिच्या पायांनी तिच्याआधी ओळखलं आणि ते गच्चीचा जिना चढू लागले.

मामा खांबापाशी पाठमोरा होता. उतरत्या उन्हात त्याची सावली टाकीपर्यंत पोचली होती. तारेचं एक टोक त्याने आधीच सोडवलं होतं आणि आता तो दोरीच्या गाठीशी झटापट करत होता. गाठ त्यानेच मारलेली, कधी काळी, वादळवाऱ्यासाठी.

"मामा!"

तो हलला नाही.

"मा-मा!" पलीकडच्या गच्चीवरची कबुतरं उडाली. मामा वळला.

"कबुतरं उडाली म्हणून कळलं," तो म्हणाला. "लवकर आलीस? धर हे टोक."

"नाही धरणार. आधी हे बघ."

"हात गुंतलेत माझे. सांग."

"मी बेटावर पोचले."

"काय?"

"बेटावर! बे-टा-वर! त्या बेकरीवाल्याकडे!"

"अरे वा," मामा गाठीकडे बघत म्हणाला. "म्हणजे मला न विचारता तारेला जोडलंस. शाबास."

"तारेला नाही! डब्याला!"

मामाने गाठ सोडली, म्हणजे सोडवली नाही, हातातून सोडली. "भोंग्या," तो हळूच म्हणाला, बहिऱ्या माणसाला स्वतःचा आवाज कळत नाही तसा, फार हळू, "माझे कान गेलेत. डोकं जागेवर आहे."

"शपथ!"

"डब्यातून काही बाहेर जात नाही."

"मग चल खाली आणि बघ! हरले तर मीच तार गुंडाळून देते, वर तोंडातून चकार शब्द काढणार नाही आठवडाभर."

मामाने विचार केला. "आठवडाभर," तो म्हणाला. "तुझी आई पेढे वाटेल. चल."

खोलीत सगळं सकाळी ठेवलं होतं तसंच होतं. साबणाच्या डबीत हिरवा दिवा लुकलुकत होता, सावकाश, झोपेतल्या श्वासासारखा. तिथून निघालेली केबल सरळ मुक्या डब्यात गेली होती. मामाने आधी केबलवरून बोटं फिरवली, टोकापासून टोकापर्यंत. मग डब्यावर तळवा ठेवला. "गार," तो म्हणाला. "एवढ्याशा ताकदीत माशीसुद्धा शेकायची नाही." मग त्याने चष्मा कपाळावर ढकलला, डबा उचलून डोळ्यांशी नेला, आणि केबल जिथे डब्याच्या झाकणाला जोडली होती तिथे थांबला.  झाळलेल्या जागी नखाने टोकरलं.

"हे सोल्डर कुणी केलं?"

तिला पळून जावंसं वाटलं. "मी. पहिलंच होतं ते."

"कच्चं आहे. केबलची बाहेरची जाळी नीट धरलीच नाहीये, लोंबकळतेय नुसती. इथनं गळलंय. केबलच अँटेना झाली." त्याने डबा खाली ठेवला, फार हलक्या हाताने. "थोडंसंच गळलं असेल. पाण्याच्या नळाचा एक थेंब."

"आणि तो थेंब बेटावर पोचला!"

"काय?"

"थेंब! पोचला!"

"आण बघू तो कागद."

तिने कागद टेबलावर पसरला आणि ती बाजूला झाली. मामाने दिवा ओढून जवळ घेतला. वाळूकडे बघितलं, रेघांवरून नजर फिरवली, आणि तिला काही दाखवावं लागलंच नाही. त्याचं बोट आपसूक त्या दातांवर जाऊन टेकलं. ओठ हलू लागले. डिट, डा. डिट, डिट, डा. रेडिओपाशी डोळे मिटून बसायचा तेव्हा हलायचे तसेच. फक्त आता डोळे उघडे होते, मोठाले, लहान मुलासारखे. ती त्याच्या ओठांकडे पाहत होती. तो वाचत नव्हता, तिला वाटलं, तो ऐकतोय. एवढ्या दिवसांत पहिल्यांदा ऐकतोय, 'काय' न विचारता.

मग त्याच्या कपाळावर आठी पडली. "हे बघ, हे परत. शेवटचा डा! किती वेळा सांगितलं तुला, शेवटचा डा रेंगाळतोय तुझा. अक्षर संपलं की सोडून द्यायचं. दारातनं निघालेल्या पाहुण्यासारखं उंबऱ्यावर उभं राहायचं नाही. हे बघ, इथे. आणि इथेही." तो एकदम थांबला. "पण हे कॉम्प्युटरने पाठवलंय ना? कॉम्प्युटर कशाला रेंगाळेल?"

आता तिला उत्तर सुचलं, तेव्हा जे सुचलं नव्हतं ते. "कॉम्प्युटरने फक्त ताणलंय," ती म्हणाली, सावकाश, एकेक शब्द सुटा करून, आणि ओरडली नाही. त्याच्या समोर येऊन, ओठ दिसतील अशी उभी राहिली. "वाजवलंय मी. तुझ्या चावीवर. एकदाच वाजवलं, मशीनने ते टिपून घेतलं आणि ताणून ताणून पाठवतंय. नुसता कॉम्प्युटरचा मोर्स मला शिक्का मारल्यासारखा वाटत होता. तू म्हणालास ना, रेघेला हात आहे का? आहे."

मामा कागदाकडे बघत राहिला. मग त्याचा उजवा हात टेबलावर सरकत सरकत गेला, त्याने कापडाखालून पितळी चावी चाचपून ओढली, आणि स्वतःच्या लायसन्सवरची अक्षरं वाजवली, कशालाही न जोडलेल्या चावीवर, नुसती खटखट. त्याला ती ऐकू आली नसावीत. बोटांनाच कळली. एकदा वाजवली, आणि शेवटच्या डा वर त्याची बोटं थांबली. चावी खाली दाबलेलीच राहिली. जराशी. निघता निघता उंबऱ्यावर उभ्या राहिलेल्या पाहुण्याइतकी.

"अगं," तो म्हणाला, "ही तर माझी खोड."

तिला हसू फुटलं. "तुला माहीत नव्हतं?"

"स्वतःचं घोरणं कुणाला ऐकू येतं का? जन्मभर दुसऱ्यांचे हात ओळखत बसलो." त्याने दाबून धरलेली चावी सोडली आणि पुन्हा कागदावर बोट ठेवलं, त्या लांबलेल्या दातावर, आणि मग तो हसायला लागला, आवाज न करता, खांदे गदगदा हलवत. "आणि ह्यावरून तुला रागावतोय मी! दोन वर्षं! हा माझा हात गेलाय बेटावर. मी इथे, कान नाहीत, आणि हात बेटावर!"

तेव्हा ते तिच्या तोंडून निघून गेलं. कसं, ते तिलाही कळलं नाही. भरलेली बादली शेवटी हिंदकळलीच. "मामा, तुझं ऐकू येणं कमी झालं तसा माझा आवाज वाढला. मला वाटतं, मी... तुझं घेतलं."

"काय?"

हे पुन्हा ओरडून सांगायचं, या कल्पनेने ती लालबुंद झाली. पण तिने सांगितलं. मोठ्याने, खोलीभर. मामाने चष्मा डोळ्यांवर आणून तिच्याकडे नीट पाहिलं.

"खुळी आहेस का? तू आधी बोलायचीस ते माझे कान ठणठणीत असतानाही मला निम्मं कळायचं नाही. मी मान डोलवायचो."

"खोटं!"

"तुझ्या आईला विचार. आम्ही दोघं मान डोलवायचो. एकदा तू काहीतरी मागितलंस, मी हो म्हणालो, आणि तू आनंदाने नाचलीस. काय मागितलं होतंस ते अजून कळलेलं नाही. आवाज वाढवलास ते फार बरं केलंस, पोरी. वेळेवर वाढवलास."

 एवढी वर्षं जपलेली ती जोडटाकी, ती नळी, ते उतरणारं पाणी, सगळं बुडबुड्यासारखं फट्‌कन फुटलं आणि आत काहीच नव्हतं, नुसती हवा; आणि ती हवा एवढी हलकी होती की तिला जमिनीवर टेकून राहायला टेबल धरावं लागलं. मागितलं काय होतं, ते तिला आठवत होतं. त्याच्यासारखं रेडिओवर बोलायला शिकव, असं म्हणाली होती ती. पण ते आता सांगायची काही घाई नव्हती.

दारात चेअरमन उभे होते. बेल त्यांनी वाजवली असावी. मामाला ती ऐकू येणं शक्य नव्हतं आणि तिला या वेळी काहीच ऐकू येत नव्हतं. "माफ करा, दार उघडंच होतं," ते म्हणाले. "उद्या कामगार लवकर येतील. तुमचा खांब आज निघेल ना?"

मामाने तिच्याकडे पाहिलं. "काय म्हणतायत?"

तिने सांगितलं. तिच्या आवाजात सांगितलं.

"तार गुंडाळून ठेवतो," मामा चेअरमनना म्हणाला. "खांब नाही निघायचा. त्याच्याभोवती थर नीट द्यायला सांगा, चांगला कडेपर्यंत. गळता कामा नये."

"तुम्ही तर बुजवा म्हणाला होतात."

"म्हणालो होतो," मामा म्हणाला. "तेव्हा मला सोल्डरिंगचं काही कळत नव्हतं."

चेअरमन तिच्याकडे बघू लागले. तिने खांदे उडवले. ते गेल्यावर मामाने खुर्ची पुढे ओढली, रेडिओवरचं कापड काढून घडी केली, आणि पितळी चावी तिच्या साबणाच्या डबीशेजारी आणून ठेवली. "माझी अक्षरं टिपून घे," तो म्हणाला. "आणि ताण, किती ताणायची ती."

"गच्चीवर जाऊन तार जोडू? एकच टोक सुटलंय, अजून उजेड आहे!"

"नको. डब्यातूनच जाऊ दे."

"पण मी आता ते सोल्डर नीट करणार होते!"

"हात लावलास तर बघ," मामा म्हणाला.

त्याने वाजवलं. तिने टिपलं. हिरवा दिवा पुन्हा लुकलुकू लागला, एकेका डिटला दम खाऊन. आई दुकानातून आली, पर्स खांद्यावरच ठेवून दोघांच्या मागे उभी राहिली आणि काय बघताय म्हणाली. "पाव," मामा म्हणाला. स्क्रीनवर खरंच वरच्या कोपऱ्यात पाव होता, आणि खाली सगळी वाळू, नवी, कोरी, अजून काहीच नसलेली. तिने बोलायला तोंड उघडलं, आणि तिला वाटलं, नको, आत्ता नको, जितकं हळू तितकं लांब. तिघंही वाकून बघत राहिली. खिडकीबाहेर खालच्या रस्त्यावर कुणीतरी हॉर्न वाजवत होतं, बराच वेळ, आणि मामाने विचारलं नाही की काय. मग चित्र बदललं. डाव्या कडेला, वाळूत, एक रेघ नुसतीच चालत आली, थबकली, आणि टुणकन एक पायरी वर चढली.